भांडत राहण्याचा हुकूम

भांडण मिटवलं म्हणून ज्याला सरकारची नोटीस आली, असा माणूस अख्ख्या कळमनुरी तालुक्यात एकच निघाला. ते म्हणजे आखाडा बाळापूरचे तातेराव गिरदावर.

गिरदावर हे त्यांचं आडनाव नव्हे, हुद्दा. तोही संपलेला. पंचवीस गावांच्या पटवाऱ्यांची दप्तरं तपासण्यात तीस वर्षं घालवून तातेराव पेन्शनीत निघाले, पण गावानं त्यांना हुद्द्यासकट ठेवून घेतलं आणि त्यांचीही त्याला हरकत नव्हती. बंद गळ्याचा कोट, काळी टोपी आणि कुणाच्याही हातातल्या कागदाकडं तिरपी नजर टाकायची सवय, एवढं त्यांनी नोकरीतून घरी आणलं होतं. पेन्शनीनंतर माणसं शेत घेतात, काशीला जातात, निदान आजारी तरी पडतात. तातेरावांनी मोटार घेतली. डोंगरकड्याहून निघायची, बाळापूर, कळमनुरी करत हिंगोली स्टेशन गाठायची. गाठायची म्हणजे, तसा इरादा असायचा. कागदावर ती सोळा माणसांची होती. तीस बसत, आणि त्यातले वीस वाटेत उतरून तिला ढकलत. प्रेमसिंग नावाचा ड्रायव्हर ती चालवायचा आणि दर मुक्कामाला मान खाली घालून उतरायचा.

त्याच रस्त्यावर दुसरी मोटार होती महेबूबची. महेबूब आधी टांगा हाकायचा. मोटार तो स्वतः चालवायचा, स्वतः दुरुस्त करायचा आणि स्वतःच तिला शिव्या द्यायचा.

दोन्ही मोटारी सकाळी सातला बाळापूरच्या चावडीपुढं उभ्या राहायच्या. हिंगोलीचं भाडं सहा आणे होतं. महेबूबनं पाच केलं. तातेरावांनी चार. तातेराव स्वतः ओरडत नसत, ते गिरदावराला शोभत नाही; ते प्रेमसिंगच्या कानात सांगत आणि प्रेमसिंग ओरडे. भाडं दोन आण्यांवर आल्यावर महेबूब उतारूंना पान देऊ लागला. तातेरावांनी गूळ-शेंगदाणे काढले. बाळापूरच्या लोकांना या दोन वर्षांत जगाचं फार चांगलं ज्ञान झालं. तातेरावांचे शेजारी सटवाजी रोज हिंगोलीला जाऊ लागले.

"हिंगोलीत रोज काय काम काढलंय?" तातेरावांनी एकदा विचारलं.

"काम कशाला पायजे?" सटवाजी म्हणाले. "दोन आण्यात मानूस हिंडून येतंय, वर पान बी मिळतंय. घरी बसून कोन देतंय पान?"

ओढाओढी इतकी वाढली की कुरुंद्याकडची एक सासू महेबूबच्या मोटारीत गेली आणि तिची सून तातेरावांच्या. सून तासभर आधी हिंगोलीला पोचली. त्या तासात तिनं एकटीनं बांगड्या भरल्या, चहा प्याला, आणि त्यानंतर म्हणे त्या घरात पूर्वीची शांतता राहिली नाही. सासू मात्र दोष तातेरावांना देत होती.

शेवटी डोंगरकड्याजवळ व्हायचं ते झालं. पुढं कोण, या शर्यतीत दोन्ही मोटारी एकाच नाल्यात उतरल्या, एक या अंगानं, दुसरी त्या अंगानं. कुणाला खरचटण्यापलीकडं काही झालं नाही. उतारू बैलगाड्यांतून निघून गेले. प्रेमसिंग बैलजोडी शोधायला गेला. उरले दोन मालक, दोन मोटारी आणि दुपारचं ऊन.

बराच वेळ दोघं दोन बांधांवर बसले. मग महेबूबनं फडकं सोडलं. त्याच्या बायकोनं, हाजराबीनं, भाकरी आणि ठेचा बांधून दिला होता. तातेरावांजवळ त्यांच्या बायकोचे, चतुराबाईंचे, धपाटे होते. तातेरावांनी चहूकडं नजर टाकली, कोणी नव्हतं, आणि ते महेबूबच्या बांधावर जाऊन बसले.

"साहेब," खाता खाता महेबूब म्हणाला, "आपुन दोघं काहून मरून राहिलो? लोकं पान खाऊन राहिले, अन् आपुन नाल्यात."

तातेरावांनी एक धपाटा त्याच्यापुढं सरकवला. ऊन उतरत गेलं तसा महेबूब बोलत गेला, आणि कधी कुणाला न सांगितलेली गोष्ट त्यानं सांगितली. मोटार आणायला तो हैदराबादला गेला, तिथं अडकून महिना झाला. हाजराबी बाळंतपणाला माहेरी. घोड्याला बघायला ज्याला सांगितलं होतं त्यानं बघितलं नाही. परत आला तेव्हा टांग्याचं घोडं दाव्यालाच मरून पडलं होतं. "त्यानं दोर तोडला असता साहेब, ताकद व्हती," महेबूब म्हणाला. "पर मी बांधून गेलो व्हतो, म्हनून उभं राह्यलं."

तातेरावांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. त्या हाताखाली दोन मोटारींची एक कंपनी ठरली. एक मोटार सकाळी सुटेल, दुसरी दुपारी. भाडं पाच आणे. पान नाही, गूळ नाही, नाला नाही.

इथंच थांबले असते तर ही गोष्ट सांगायची वेळ आली नसती.

"बेस झालं," चतुराबाई म्हणाल्या. "आता गप बसा."

पण गप बसणं ही गोष्ट तातेरावांच्या खात्यात कधी शिकवली गेली नव्हती. जे कागदावर नाही ते झालंच नाही, असा त्यांचा तीस वर्षांचा अनुभव.

"काहून कागद करता साहेब?" महेबूब काकुळतीनं म्हणाला. "तुमी सकाळी सोडा, मी दुपारी सोडतो. कोनाला काय तकलीफ हाय?"

"महेबूब, आपण सज्जन माणसं आहोत. सज्जनांचं सगळं लेखी असतं."

आधी कंपनीच्या नावावरून आठ दिवस गेले. तातेराव आधी की महेबूब आधी? सटवाजींनी सल्ला दिला की एका मोटारीवर हे आधी लिहावं, दुसरीवर ते. सल्ला सोन्यासारखा होता. मात्र हिंगोलीचा रंगारी दोन्ही नावं ऐकून गोंधळला आणि त्यानं तातेरावांच्या मोटारीवर हातभर अक्षरांत रंगवलं, 'तातेखान महेबूबराव मोटार सर्व्हिस'. रंग उत्तम होता. खरवडला तर पत्राच निघून आला असता, म्हणून ते तसंच राहिलं. वाटेवरच्या गावांत बोलवा झाली की मोटारीला कुणी तातेखान नावाचा नवा मालक मिळाला आहे आणि माणूस दिलदार आहे.

मग भागीदारी नोंदवून घ्यायला तातेरावांनी तहसीलदारांना अर्ज लिहिला. कचेरीची भाषा म्हणून उर्दूत, चार पानं, मार्जिन सोडून. आपल्या कंपनीची थोरवी हुजुरांना कळावी म्हणून शेवटी एक वाक्य घातलं, ते त्यांना स्वतःला फार आवडलं. 'डोंगरकडा ते हिंगोली या रस्त्यावर आता आमच्याखेरीज दुसरी मोटार नाही आणि आम्ही असेतो होणारही नाही.' ते त्यांनी महेबूबला मोठ्यानं वाचून दाखवलं. महेबूबला उर्दू लिहिता-वाचता येत नव्हतं, पण ऐकून तो म्हणाला, "साहेब, हे जरा धमकीवानी वाटतंय." तातेराव हसले. कायद्याची भाषा सामान्य माणसाला तशी वाटतेच.

इकडं लोक चिडले. भाडं पाच आणे झालं, पान गेलं, आणि उतारूंना आता कुणी हाक मारीना. सटवाजींनी तक्रारीची अर्जी करायचं ठरवलं. एका शिकाऊ पोस्टमनकडून त्यांनी ती लिहून घेतली, साठ अंगठे उठवले, आणि बरोबर आहे की नाही हे बघायला ती आणली कुणाकडं, तर तातेरावांकडं.

"गिरदावर, तुमच्याइतकं कागदातलं कळनारं गावात दुसरं कोन हाय?" सटवाजी म्हणाले. "तुमच्याच इरुद्ध हाय. पर नजर टाका जरा."

तातेरावांनी नजर टाकली आणि त्यांच्या अंगावर काटा आला. पत्ता चुकलेला. विनंती आधी आणि हकीकत मागाहून. 'जुलूम' या शब्दात दोन चुका. "अर्जी अशी लिहितात?" ते म्हणाले. "हे तहसीलदारांच्या टेबलावर गेलं तर बाळापूरची काय अब्रू राहील?" त्यांनी चष्मा लावला. दिवे लागायच्या आत पुरी अर्जी नव्यानं उतरून निघाली, कलमवार, पुराव्यांसह. पाचवं कलम सटवाजींना सुचलंच नव्हतं, ते तातेरावांनी पदरचं घातलं. चतुराबाई दारात उभ्या राहून बघत होत्या.  तीस वर्षांच्या संसारात माणसाला कुठं बोलून उपयोग नाही हे कळतं.

महिन्यानं समन्स आलं.

नवे तहसीलदार हैदराबादेत कायदा शिकलेले, तरुण आणि फार सभ्य गृहस्थ होते. कुणावर आवाज चढवत नसत, त्यामुळं त्यांच्यापुढं माणूस जास्तच घाबरायचा. त्यांनी दोघांना बसायला खुर्च्या दिल्या. मग एका हातात तातेरावांचा अर्ज घेतला, दुसऱ्या हातात सटवाजींची अर्जी.

"ही तक्रार कुणी विद्वान माणसानं लिहिली आहे," ते म्हणाले. "अशी मुद्देसूद अर्जी या तालुक्यात मी पाहिली नव्हती. विशेषतः पाचवं कलम."

तातेरावांची छाती क्षणभर फुगली. मग पाचव्या कलमात काय होतं ते आठवलं: दोन्ही मालक एक झाल्यानं रयतेला दुसरी मोटारच उरली नाही.

तहसीलदारांनी समजावून सांगितलं. दोन दुकानं एक झाली की गिऱ्हाइकाला जायला दुसरी जागा राहत नाही. याला इजारा म्हणतात, मक्तेदारी. अमेरिकेत रॉकेलच्या एका अवाढव्य कंपनीनं असंच केलं, तेव्हा तिथल्या कोर्टानं तिचे चौतीस तुकडे केले.

"हुजूर," महेबूब हात जोडून म्हणाला, "आमच्या मोटारीचे दर आठवड्याला तितके व्हतात."

तहसीलदार हसले नाहीत. त्यांनी विचारलं, "आणि तिसरे भागीदार कुठं आहेत?"

"तिसरे?"

"तातेखान. मोटारीवर नाव आहे."

रंगाऱ्याची हकीकत तातेरावांनी सांगितली. तहसीलदारांनी ती ऐकून घेतली, पण तोंडी हकिकतीवर एक इसम नाहीच असं सरकार कसं धरणार? तातेखानाला हजर राहण्याची नोटीस निघाली आणि बाळापूरच्या चावडीवर डकवली गेली. तो आला नाही म्हणून तारीख पडली. पुन्हा पडली. तिसऱ्या खेपेला तातेखान बेपत्ता असल्याचं नोंदवून चौकशी पुढं सरकली. सटवाजी सांगत फिरले की तो सगळ्यांना बुडवून मुंबईला पळाला. काहींनी तर त्याला स्टेशनवर पाहिलाही होता.

आता मुद्दा उरला एकच. या रस्त्यावर लोकांना मोटारीशिवाय दुसरी सोय आहे का? असली, तर इजारा झालाच नाही. तातेराव उठून उभे राहिले आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी आपल्या मोटारीबद्दल खरं सांगितलं.

"हुजूर, बैलगाडी आहे. आमच्या मोटारीच्या आधी बैलगाडी कळमनुरीला पोचल्याचे प्रसंग अनेक आहेत."

तहसीलदारांना हे पटण्यासारखं वाटलं. त्यांनी प्रत्यक्ष पाहणीचा हुकूम दिला. गुरुवारी बाळापूरच्या चावडीपासून तातेरावांची मोटार आणि गावातल्या भावसिंगची बैलगाडी एकदम सुटतील. कचेरीचा कारकून फारुक मोटारीत बसेल आणि वेळ टिपून घेईल.

म्हणजे खटला जिंकायचा तर बैलांकडून हरायला हवं होतं. सोपं होतं. महेबूब म्हणाला, "साहेब, मी एक नळी ढिली करून ठिवतो."

"सरकारी चौकशीत लबाडी?" तातेराव दुखावून म्हणाले. "माझ्या हातून नाही होणार. तिला जशी रोज चालते तशी चालू दे. तेवढं बास आहे."

गुरुवारी मोटार पहिल्या हँडलला सुरू झाली. तेव्हाच तातेरावांनी चमकून मागं महेबूबकडं पाहिलं. बाळापूर मागं पडताच ती रोज तापायची, तापली नाही. चढावर रोज अडायची, अडली नाही. प्रेमसिंगच्या तोंडावर असं तेज कधी दिसलं नव्हतं. इतक्या वर्षांचा अपमान तो एका सकाळी धुऊन काढत होता.

"साहेब," मागच्या बाकावरून महेबूब हळूच म्हणाला, "आज हिला झालं तरी काय?"

तातेराव खिडकीबाहेर बघत राहिले. पाऊण तासात कळमनुरी आली. फारुकनं घड्याळ बघून वेळ लिहिली, खाली रेघ मारली आणि वही मिटली. भावसिंगची गाडी दुपारी आली. बैल मजेत होते. परतताना मोटार दोन मैलांवर बंद पडली ती पडलीच, आणि सगळी मंडळी भावसिंगच्या गाडीतून घरी आली. पण वही मिटली होती.

हुकूम आला तो असा. भागीदारी रद्द. दोन्ही मोटारी एकाच वेळी, एकाच जागेवरून सुटतील. भाडं, वेळ किंवा धंद्याची कुठलीही बाब यावर दोन्ही मालक आपसात बोलणार नाहीत, एकत्र बसणार नाहीत. दर बाजारच्या दिवशी कचेरीचा कारकून येऊन चढाओढ खरोखर चालू आहे याची खात्री करील. ती चालू न दिसल्यास दोन्ही परवाने जप्त.

तातेरावांनी हुकूम तीनदा वाचला. त्यात एकही चूक नव्हती, याचं त्यांना जास्त वाईट वाटलं.

सुरुवातीचे काही आठवडे निभावलं, ते बायकांमुळं. हुकमात मालकांचं नाव होतं, मालकिणींचं नव्हतं. हाजराबी आणि चतुराबाई विहिरीवर भेटायच्या. पाणी शेंदता शेंदता उद्याचं भाडं ठरायचं, कुणी आधी हाक मारायची ते ठरायचं. दोघींनी मिळून ती कंपनी नवऱ्यांपेक्षा चांगली चालवली. पण फारुकनं कचेरीत लिहून पाठवलं, 'दोन्ही मालक एकमेकांना आधी वाट देतात. चढाओढीत जोर दिसत नाही.' परवान्यांवर शेवटची ताकीद आली. पुढच्या बाजारी नीट भांडण दिसलं पाहिजे.

विहिरीवर भांडण बेतलं गेलं. कोण काय बोलणार, हे बायकांनी ज्याचं त्याला घरी पाठ करून दिलं.

बाजारच्या दिवशी चावडीपुढं ही गर्दी. फारुक वही घेऊन बाजेवर बसला. महेबूबनं ठरल्याप्रमाणं सुरुवात केली, "गिरदावराच्या मोटारीत बसन्यापरीस मानसानं पायी जावं." तातेरावांनी ठरल्याप्रमाणं उत्तर दिलं. पाठांतर चांगलं होतं, पण आवाज संध्या म्हटल्यासारखा निघाला. लोक जांभया देऊ लागले. फारुकची लेखणी हलेना.

तेव्हा महेबूब दोन पावलं पुढं आला. "कसले गिरदावर?" तो मोठ्यानं म्हणाला. "गिरदावरकी कवाच सरली. आता गावचा पटवारी बी तुमाला कागद दाखवत न्हाई. उगं कोट घालून उभे राह्यतात."

गर्दी खदखदून हसली. सटवाजी सगळ्यात जास्त. फारुकनं भराभरा लिहून घेतलं, वही मिटली, आणि तो उठून चहाच्या दुकानाकडं गेला.

तातेरावांनी कोटाचं वरचं बटण चाचपलं. हे बेतलेल्यात नव्हतं. आणि ते खरं होतं. पटवाऱ्यानं दीड वर्षात त्यांना एक कागद दाखवला नव्हता. लोक अजून हसत होते, आणि तातेरावांच्या तोंडून शब्द गेले.

"दाव्याला बांधून घोडं उपाशी मारणाऱ्याच्या मोटारीत कोण बसेल?"

हसणं थांबलं. एका बाईनं विचारलं, कुणी मारलं घोडं? दुसऱ्यानं महेबूबकडं बोट केलं.  महेबूब मोटारीकडं गेला, बॉनेट उघडलं आणि आत डोकं घालून बराच वेळ नुसता उभा राहिला.

संध्याकाळी तातेराव घरी येऊन कोट न काढता बसले. "त्यानं पटवाऱ्याचं बोलायला नको होतं," ते म्हणाले. "ते ठरलेलं नव्हतं."

चतुराबाई पदराला हात पुसत बाहेर आल्या. "ठरलेलं व्हतं," त्या म्हणाल्या. "मीच हाजराबीला सांगितलं व्हतं. म्हनलं, एवढं बोलल्याबिगर यांच्या तोंडून भांडन निघायचं न्हाई. महेबूब नको म्हनत व्हता. तिनं गळ घातली." मग थोडं थांबून म्हणाल्या, "घोड्याचं कोनी सांगितलं तुमाला?"

तातेराव दिव्याची वात कमी-जास्त करत राहिले.

दुसऱ्या दिवसापासून हाजराबी पाण्याला वेगळ्या वेळी येऊ लागली. आणि मग बाळापूरकरांना सरकारनं फर्मावलेली चढाओढ खरोखरची बघायला मिळाली. भाडं चार आणे, दोन आणे, एक आणा. पान परत आलं. महेबूब तातेरावांकडं न बघता हाका मारायचा. तातेराव आता स्वतः ओरडू लागले. कशाला शोभतं आणि कशाला नाही, याचा विचार त्यांनी सोडला होता. ओरडताना आवाज चिरकायचा. सटवाजी पुन्हा रोज हिंगोलीला जाऊ लागले. फारुकच्या अहवालात शेरा आला, 'अत्यंत समाधानकारक.' तहसीलदारांनी तो परभणीला वर पाठवला. वरून शाबासकी आली म्हणतात.

वर्षभर असं चाललं. मग एका सकाळी चावडीपुढं तिसरी मोटार उभी राहिली. नवी कोरी, अंगावर सरकारी शिक्का, आत टोपीवाला कंडक्टर. रस्ता सरकारनं स्वतःकडं घेतला होता. खासगी परवाने त्या दिवसापासून बंद. हिंगोलीचं भाडं आठ आणे.

तातेराव धावत कळमनुरीला गेले. सभ्य तहसीलदारांची बदली झाली होती. त्यांच्या जागेवर आलेले साहेब वयस्क होते आणि जेवणाच्या घाईत होते. तातेरावांनी इजाऱ्याचा मुद्दा मांडला, रॉकेल कंपनीचा दाखला दिला, हुकमाची नक्कल पुढं केली.

"इजारा रयतेला मना आहे," साहेब म्हणाले. "सरकार रयत आहे का?"

 मुद्दा बिनतोड होता. कुणी अर्जीत घातला असता तर तातेरावांनीही तो खोडला नसता.

दोन्ही मोटारी हिंगोलीच्या एका भंगारवाल्यानं एकाच भावानं नेल्या. प्रेमसिंग सरकीच्या गिरणीत लागला. महेबूबनं घरापुढं सायकली दुरुस्त करायचं काम काढलं. तातेराव पेन्शन आणायला महिन्यातून एकदा कळमनुरीला जात, तिथवरचे चार आणे मोजून, खिडकीशी बसून. महेबूब त्या मोटारीत कधी दिसला तर तो मागच्या बाकावर बसे. हुकूम अजून कुणी रद्द केला नव्हता, आणि आता तो रद्द करायला कुणाला सांगायचं हेही ठाऊक नव्हतं.

पावसाळ्याच्या अखेरीस एकदा कळमनुरीच्या अलीकडच्या चढावर सरकारी मोटार अडली. कंडक्टरनं टोपी सावरून सगळ्यांना खाली उतरवलं आणि ढकलायला लावलं. तातेराव मागं जाऊन उभे राहिले आणि पत्र्याला खांदा दिला. शेजारी दुसरा खांदा आला तो महेबूबचा. चिखलात पाय सरकत होते. दोघांनी मिळून जन्मात इतक्या मोटारी ढकलल्या होत्या की कधी दम घ्यायचा आणि कधी रेटायचं हे सांगावं लागलं नाही.

"महेबूब," तातेराव धापा टाकत म्हणाले, "त्या दिवशी मी..."

"जाऊ द्या साहेब." महेबूबनं त्यांच्याकडं पाहिलं नाही. "कारकून बसला व्हता तिथं. बोलनं भाग व्हतं तुमाला. हुकूमच व्हता तसा."

एवढं बोलून त्यानं तातेरावांना मोकळं केलं होतं. नुसतं 'हो' म्हणायचं होतं. तातेरावांनी एक मोठा रेटा दिला. मोटार हलली, खोकली, फुरफुरली.

"कारकून उठून गेला होता," तातेराव म्हणाले. "चहाला."

मोटार सुरू झाली. उतारू पळत पळत चढले. चढावर मोटार थांबवली तर पुन्हा सुरू होत नाही, त्यामुळं ड्रायव्हरनं ती थांबवली नाही. मागं राहिलेली दोन माणसं कंडक्टरला दिसली की नाही कुणास ठाऊक. बघता बघता मोटार वळणाआड गेली, दोघांच्या भाड्यासकट.

"व्हय," महेबूब म्हणाला. "मला दिसला व्हता तो जाताना."

कळमनुरी अजून दोन कोस होती. तातेरावांच्या कोटाला कोपरापर्यंत चिखल लागला होता. महेबूबनं वहाणा काढून हातात घेतल्या आणि चालू लागला. तातेराव चार पावलं मागून निघाले. पुढं होऊन त्याला गाठावं की नाही, हे त्यांना ठरवता येईना. बराच रस्ता असाच गेला.

"त्या घोड्याचं नाव काय होतं?" शेवटी त्यांनी मागूनच विचारलं.

महेबूब थांबला नाही, पण त्याचं चालणं मंदावलं. 

"लंगड्या," तो म्हणाला. "पाय चारी बराबर व्हते त्याचे. लहानपनी काटा रुतला व्हता, तवापासून नाव पडलं."

तातेराव त्याच्या बरोबरीला आले. आणि मग कळमनुरीची वेस येईपर्यंत महेबूब त्या घोड्याबद्दलच बोलत राहिला, आणि तातेराव ऐकत राहिले.